घटकाभराचं उसनं

विष्णुपुरी, नांदेड
२२ डिसेंबर २०२५

प्रति,
सौ. वर्षाराणी, मु. पो. चाकूर

विषय : लग्नपत्रिकेतील अक्षतेमुळे अर्जदाराच्या दाढेचे सिमेंट निघाल्याबाबत.

महोदया,

उपरोक्त विषयास अनुसरून कळवण्यात येते की, आपली कन्या चि. सौ. कां. पुनम हिच्या विवाहाची पत्रिका पाठवताना आपण पाकिटात कुंकवाच्या सात अक्षता घातल्या होत्या. पैकी सहा टेबलावर सांडल्या. सातवी अर्जदाराच्या चहात पडून बिस्किटाला चिकटली व डाव्या दाढेखाली आली. गेल्या पावसाळ्यातच बसवलेलं सिमेंट त्याच क्षणी निघालं. ते पुरावा म्हणून काडेपेटीत जपून ठेवण्यात आलं आहे. तरी योग्य ती कार्यवाही व्हावी.

बास. याच्यापुढं मला सरकारी भाषा रेटत नाही.

वर्षे, दोन वर्षांनी तुझं अक्षर बघितलं. तेही पाकिटावर, आणि पाकिटावर नाव आमच्या यांचं. 'श्री. उद्धवराव व परिवार.' म्हणजे मी परिवारात. तुझी ओळख आधी यांच्याशी झाली की माझ्याशी, ते एकदा कळव. फोनवर तू मला ब्लॉक करून ठेवलंस म्हणून हे पत्र लिहून राहिले. पोस्टमनला ब्लॉक करायची सोय अजून निघालेली नाही.

पत्रिका चारदा वाचली. तळाशी छापलंय : 'कृपया आहेर व मोहलतखडे आणू नयेत.' आहेराचं सगळेच छापतात आणि सगळेच आणतात. पण खड्याचं? छापखान्यातल्या माणसानं विचारलंच असेल, हे कशाला म्हणून. आणि तू सांगितलं असशील, 'आमच्यात एक बहीण हाय.'

आमच्या ग्रंथालयात मुंबईकडची मालविका नवीन लागली आहे. तिनं पत्रिका बघून विचारलं, मॅडम, मोहलतखडा म्हणजे काय? तिकडं ते निघत नाहीत, आपल्याच काळ्या दगडाच्या पोटात निघतात. मी सांगितलं, विहीर खणताना सापडतो, सुपारीएवढा, मधाच्या रंगाचा, नाव निजामाच्या काळातलं. आपल्या हातातला दुसऱ्याच्या हातावर ठेवायचा आणि तोंडानं सांगायचं, किती वेळ देते. घेणाऱ्याला तेवढा वेळ फुकट. सगळं जग जागच्या जागी थांबतं, तो एकटा हिंडता-फिरता. जग पुन्हा सुरू झालं की देणाऱ्याचा तेवढा वेळ जातो. अंग चालतं, बोलतं, जेवतंसुद्धा, पण आत कुणी नसतं, आणि मागून काही आठवत नाही. काम लवकर उरकलं तर खडा परत देणाऱ्याच्या हातावर ठेवायचा, उरलेला वेळ त्याचा त्याला मिळतो.

ती म्हणाली, "किती छान! मग तुमच्याकडे सगळी कामं वेळेवर होत असतील." मी तिला एकदा तहसील दाखवायला नेणार आहे.

मग तिला लातूर सांगितलं. परीक्षेच्या दिवसांत क्लासची पोरं आयांकडून रोज तीन-तीन तास घेतात. त्या दिवसांत लातूरच्या बाजारात कुठल्याही बाईला भाव विचारा, ती हसून बरोबर उत्तर देते आणि संध्याकाळी तिला पिशवीतली भाजी कुणी आणली ते ठाऊक नसतं. निकालाच्या दिवशी पेपरात पोराचा फोटो येतो. वेळ कुणाचा होता, ते छापत नाहीत.  मालविकाची आईही तिकडं डबे करतेच की, खड्याशिवाय.

आणि आपलं म्हणशील तर माझं म्हणणं चोवीस वर्षं तेच आहे. लातूरच्या कार्यालयात तू बोहल्यावर, अंतरपाट सापडेना, भटजी घड्याळ दाखवून राहिलेले. मायनं तुझ्या ओटीत बांधलेला खडा तू काढलास आणि माझ्या हातावर ठेवून म्हणालीस, "घे अक्का, घटकाभर." आपल्या तोंडी घटकाभर म्हणजे जरासं. घटकाभर टेका, घटकाभर थांब. खड्याला हे कोण सांगणार? तो जुन्या पंचांगाचा. त्याची घटका चोवीस मिनिटांची. तू चोवीस मिनिटं गेलीस, त्यातच मंगलाष्टकं आणि माळा उरकल्या. कुणाला काही कळलं नाही, कारण नवरीनं आत असावं अशी कुणाची अपेक्षाच नसते.

तुझ्या शब्दाचा दोष माझ्यावर घालू नकोस. मी अंतरपाट आणायला गेले, तो आणला, सगळी घटका त्यातच गेली. या विषयावर यापुढं पत्रव्यवहार केला जाणार नाही.

तुझी अक्का


विष्णुपुरी
९ जानेवारी २०२६

वर्षे,

तुझं कार्ड मिळालं. भिंतीवर लावावं असं आहे, म्हणून उतरवून घेते :

'अक्का, दाढ उजवीकडची वापर. माझा चार कप्प्याचा डबा तुझ्यापाशी हाय, झाकणावर नाव हाय. लग्नात लागतो, धाडून दे. पाकिटावर भाऊजीचं नाव घातलं, कारण ते पत्रिका वाचून गप बसतेत. वर्षा.'

यांना वाचून दाखवलं. ते गप बसले.

डबा आजच्या लातूर गाडीच्या कंडक्टरपाशी दिला आहे, चाकूरच्या स्टँडवर घे. रिकामा नाही. एका कप्प्यात अर्धापूरच्या केळ्यांचे वेफर, एकात मेथीचे लाडू, एकात लिंबाचं लोणचं. चौथ्यात काय घालावं सुचेना, म्हणून शेंगदाणे घातले. चाकूरला शेंगदाणे पाठवणारी जगात मी एकटीच असेन.

पुनम चार वर्षं माझ्याकडं राहून शिकली, तेव्हा हा डबा तुझ्या-माझ्यात किती फेऱ्या मारून राहिला असेल! मायच्या पंचाहत्तरीनंतर आपलं बोलणं बंद झालं, डबा बंद झाला नाही. तू रागानं ज्वारीचे धपाटे पाठवायचीस, मी रागानं चिवडा भरून परत करायची. पुनम म्हणायची, मावशी, तुम्ही दोघी भांडता तेव्हा माझं वजन वाढतं.

आता पंचाहत्तरीचं. तू पंगतीत सगळ्यांसमोर म्हणालीस, "अक्कानं माझं लग्न खाल्लं." ते दरवर्षीचंच होतं, माझ्या अंगवळणी पडलेलं. पण मी म्हणाले, "बरंच झालं. जागेपणी दयानंदरावांना बघितलं असतंस तर बोहल्यावरून पळाली असतीस." सगळे हसले. मी हसणाऱ्यांकडं बघत होते, तुझ्याकडं नाही. ही माझी जुनी सवय. तोंडातून बाण सुटला की तो लागला कुठं यापेक्षा किती जणांनी बघितला, ते आधी मोजायचं.

परवा दयानंदरावांचा फोन आला होता. तुझ्या चोरून, शेतातनं, मागं पंपाचा आवाज. डब्याचंच निमित्त. मी पंचाहत्तरीच्या बोलण्याची माफी मागायला लागले तर ते म्हणाले, "अक्का, त्यात खोटं काय व्हतं? म्या घामानं भिजल्तो, टोपी ढिली झाल्ती. बघण्यासारखं कायच न्हवतं." मग पंप बंद केला वाटतं. म्हणाले, "पर ती मला अजून इचारती. माळ घालताना म्या हसले का हो? म्या म्हनतो, हसलीस की. खरं सांगू का अक्का, मलाच आठवत न्हाई. कॅसेट लावली तर म्हनती, ही बाई कोन हाय, म्या न्हाई ही."

मी त्यांना लाडवात वेलदोडा जास्त झालाय एवढंच सांगितलं.

एक दुरुस्ती. मागच्या पत्रात सगळी घटका अंतरपाटात गेली असं लिहिलं होतं. अंतरपाट बाजूच्या खोलीतच होता, पेटीत, मायच्या शालूखाली. आठ मिनिटं लागली असतील. बाकीची इकडंतिकडं गेली. गर्दी होती.

अक्का


विष्णुपुरी
२४ जानेवारी

वर्षे,

गर्दी नव्हती. जग थांबलेलं असताना गर्दी कशी असेल? तू कार्डावर एवढंच लिहिलंस : 'थांबलेल्या जगात गर्दी कुठनं आली?' पाच शब्द. उलटतपासणी तुझ्याकडं शिकावी.

आज ग्रंथालयात तिसऱ्या वर्षाचा एक मुलगा आला. पुस्तक दीड महिना उशिरा. मी त्याला सगळ्यांसमोर अर्धा तास उभं केलं. उसनं घेतलेली वस्तू, मुदत, समोरच्याची अडचण, संस्कार, सगळं झालं. तो बिचारा म्हणाला, मॅडम, पुस्तक वाचून चार दिवसांतच झालं होतं, परत द्यायचं राहून गेलं. आणि वर्षे, मी दंडाची वही मिटली. मी त्याला जा म्हणाले. मालविका माझ्याकडं बघतच राहिली.

तर ऐक. एकदाच लिहिते, पुन्हा विचारू नकोस.

तू खडा दिलास आणि सगळं थांबलं. सनईवाल्याचे गाल फुगलेले राहिले. भटजींचा खोकला तोंडाशी राहिला. वाढप्याच्या पळीतून वरणाची धार खाली येता येता हवेत थांबली, पिवळ्या दोरीसारखी. मी खोलीत गेले, पेटी उघडली, शालूखाली अंतरपाट मिळाला. आठही नाही, चारच मिनिटं झाली होती. तिथनं उठून तुझ्याकडं यायचं, खडा तुझ्या हातावर ठेवायचा, उरलेली वीस मिनिटं तुझी तुला. एवढंच काम होतं.

पण खोलीत पाहुण्यांच्या गाद्यांचा ढीग होता. तुझं लग्न ठरल्यापासून चाळीस दिवस मी धड झोपले नव्हते. अण्णा गेल्यापासून घरातली प्रत्येक हाक माझ्याच नावाची. अक्का हळद, अक्का याद्या, अक्का गॅस संपला. आणि त्या खोलीत, वर्षे, कुणी हाक मारत नव्हतं. सबंध लातूर शहरात मला हाक मारू शकणारा एकही माणूस नव्हता. मी म्हटलं, दोन मिनिटं पाठ टेकते.

मी झोपले. तुझ्या वीस मिनिटांवर डोकं ठेवून झोपले. तशी झोप मला त्याआधी लागली नव्हती आणि त्यानंतरही लागली नाही. भटजींच्या खोकल्यानं जाग आली तेव्हा घटका संपलेली होती.

बाहेर येऊन अंतरपाट दिला आणि मग तुझ्याकडं बघितलं. दयानंदराव चोवीस वर्षं जे सांगतात ते खोटं आहे. तू हसली नाहीस. तू माळ घातलीस ती चुलीवरचं दूध बघत बसलेल्या बाईसारखी. डोळे उघडे, पण आत कुणी नाही. मंडपातल्या पाचशे माणसांत ते एकट्या मला दिसलं. तेव्हापासून तू विषय काढलास की मी विनोद करते. एवढंच आहे ते. दुसरं काही नाही.

माय म्हणायची, उसनं घ्यावं सपाट मापानं, फेडावं शीग लावून. पिठाची वाटी असो की तेल. मी शेजारणींचं पीठ शीग लावून परत केलंय आणि बहिणीची घटका चोवीस वर्षं घरात ठेवली.

मला ती फेडायची आहे. पुनमच्या लग्नात, माळा घालतानाच, आधी नाही आणि मागून नाही. पण त्यासाठी खडा आधी माझ्या हातात पाहिजे, आणि तो तुझ्याकडं आहे. हिसकावून चालत नाही, ते तुला माहीत आहे. तू पाठवशील तर येईल. नाही पाठवलास तरी मी लग्नाला येईनच, मागच्या रांगेत परिवार म्हणून बसेन.

अक्का


विष्णुपुरी
८ फेब्रुवारी

वर्षे,

डबा पोचला. पहिल्या कप्प्यात धपाटे, दुसऱ्यात शेंगदाण्याची चटणी. चटणी माझ्याच शेंगदाण्यांची आहे हे मी ओळखलं. चाकूरच्या शेंगदाण्याला एवढी वाईट चव नसते. तिसऱ्यात तीळ. चौथा कप्पा यांनी उघडला आणि म्हणाले, अगं, ह्यात खडा लागला बघ. मी म्हटलं, तांदळात खडा लागला की बायकोला बोलावं, हा खडा वेगळा आहे.

हळदीच्या फडक्यात गुंडाळलेला. अजून तसाच मधाच्या रंगाचा, एका कडेला तू लहानपणी आपटून पाडलेला टवका. मी तो उजेडात धरून बराच वेळ बसले. खोटं कशाला सांगू, जरा रडलेसुद्धा. यांनी विचारलं तर दाढ म्हणाले.

आणि तुझी चिठ्ठी. 'पत्रिकेत छापलंय ते पाव्हण्यांसाठी. घरच्यांसाठी न्हाई. आन तू झोपलीस ते बरं केलीस. तेव्हाच सांगितलं असतं तर म्या आजून एक घटका दिली असती. चोवीस वर्षं मला वाटलं, तुला माझं लग्न बघायचंच न्हवतं.'

हे माझ्या कधी डोक्यातच आलं नव्हतं. मी गुन्हा एक समजत होते आणि तू शिक्षा भलत्याच गुन्ह्याची देत होतीस. दोघीही शहाण्या म्हणवतो.

तू माझा फोन चालू केल्याचं कालच कळलं. तरी मी लिहूनच राहणार. फोनवर आपण दोघी एकदमच बोलतो, कागदावर तुला गप बसावं लागतं.

पुनमला सगळं कळलंय. तिचा फोन आला. "मावशी, म्हणजे माझ्या माळा तू बघणार नाहीस? चार वर्षं माझ्या वेण्या घातल्यास आणि नेमकं तेव्हाच नसणार?" मी म्हटलं, असणारच की, तुझ्या शेजारीच उभी असेन, नुसती आत नसेन, व्हिडिओ बघेन. ती म्हणाली, "आई म्हणते व्हिडिओत माणूस नसतं."  मग तीच म्हणाली, "जाऊ दे. आईला मिळू दे. तिनं माझ्या क्लासला दोन वर्षं रोज रात्री वेळ दिला, मी कधी परत केला नाही. तू निदान परत करतेस."

तिला चांगलं वळण लागलंय. माझं नसेल, डब्याचं असेल.

अक्का


विष्णुपुरी
२२ फेब्रुवारी

प्रति,
सौ. वर्षाराणी, चाकूर

विषय : विवाहप्रसंगी अर्जदार बेसावध असताना तिला जिलेबी खाऊ घातल्याबाबत.

महोदया, मला भान आलं ते पंगतीत. समोर केळीचं पान, तोंडात जिलेबी, तीही डाव्या बाजूला. नवीन सिमेंट गेलं. काडेपेटीत आता दोन तुकडे झाले आहेत. भिंतीवरचं घड्याळ बघितलं. एकतीस मिनिटं गेली होती. शीग सात मिनिटांची निघाली; खड्याचं माप मायसारखंच उदार आहे.

त्या एकतीस मिनिटांत मी काय केलं याचे वृत्तांत मला सगळीकडून मिळून राहिले आहेत. मी म्हणे विहीणबाईंना भात मोकळा झाल्याचं सांगितलं. नवरदेवाच्या मामाचं पंधरा मिनिटं पाणीपुरवठ्यावरचं बोलणं मान हलवून ऐकलं. कुणालाही टोमणा मारला नाही. तुझ्या जाऊबाई माझ्याबद्दल सगळ्यांना सांगत होत्या, लताबाई किती गोड स्वभावाच्या झाल्यात. यांनी तर परतीच्या गाडीत विचारलं, हे महिन्यातून एकदा करता येतं का.

दयानंदरावांना सांग, त्यांची टोपी या वेळी घट्ट होती. आणि ते हात धुताना माझ्याजवळ येऊन जे म्हणाले तेही त्यांनी तुला सांगावं. सांगणार नाहीत, म्हणून मीच सांगते. म्हणाले, "अक्का, ती आता मला इचारणार न्हाई बगा." बास, एवढंच म्हणून पंगतीत वाढायला गेले.

आणखी एक. पान वाढलेलं बघायला मी डोळे किलकिले करायला लागले, आणि लक्षात आलं की सगळं लख्ख दिसतंय. माझ्या चष्म्याच्या काचा पुसलेल्या होत्या. महिनाभर त्यांवर हळद, वाफ, बोटं, सगळं साचलं होतं. मी त्या पुसल्या नव्हत्या. थांबलेल्या जगात तेवढी फुरसत कुणाला होती, ते मी विचारणार नाही. पण तुझी घटका तुझ्यासाठी होती, माझा चष्मा पुसण्यासाठी नव्हती. तुझा हा दुर्गुण जाणार नाही.

तू तुझ्या घटकेत काय बघितलंस ते लिही. सविस्तर लिही, कार्डावर पाच शब्दांत नको. मला दिसलं तेवढं मी लिहिते, म्हणजे तुला पुढं कुठून सुरू करायचं ते कळेल.

अंतरपाट मी नांदेडहूनच दोन आणले होते, एक पिशवीत आणि एक यांच्या बॅगेत. लागला तुझाच. मंगलाष्टकं लांबली, तुझ्या चुलतदिराला स्वतःची एक म्हणायची हौस, तिला ना चाल ना अर्थ. पुनम अंतरपाटाच्या खालून नवरदेवाचे पाय बघत होती. तिच्या नाकावर घामाचा एक थेंब होता. तू माझ्या उजवीकडं उभी होतीस आणि मुठीतल्या अक्षता इतक्या घट्ट धरल्या होत्यास की कुंकू मनगटापर्यंत उतरलं होतं. अंतरपाट खाली आला. पुनमनं माळ उचलली. कोपर वर गेलं, मान वाकायला लागली, आणि तिच्या ओठाची डावी कड हलली. बास, कडच. तेवढंच मी बघितलं.

मी तुझी मूठ उघडली. तुझ्या अक्षता माझ्या हातात घेतल्या आणि तुझ्या रिकाम्या, लाल झालेल्या तळव्यावर खडा ठेवला. तू हळूच म्हणालीस, "नको अक्का, तुझं बघायचं राहील."

या वेळी मी शब्द नीट बोलले. एक घटका, म्हणाले, शीग लावून.

अक्का